ओमोलच्या दोघी आणि लापशीचं घर

वाचक विचारतात : पटकथा

स्वीडिश पटकथाकार-दिग्दर्शक लुकास मूडीसॉनच्या ‘फकिंग ओमोल’ आणि ‘तिलसामान्स’ या दोन विनोदी चित्रपटांवर आम्ही लिहिलं, त्यावर बरीच पत्रं आली. काही पाहणाऱ्यांची, बरीचशी लिहिणाऱ्यांची. त्यांतली निवडक इथे घेतली आहेत.

स्वीडिश सिनेमा म्हणजे बर्गमन आणि मृत्यूबरोबर बुद्धिबळ, एवढंच मला ठाऊक. मूडीसॉनची सुरुवात कुठून करू? आणि ही नावं उच्चारायची कशी? (सातारा)

बर्गमननेही १९५५ साली उन्हाळ्यातल्या एका रात्रीवर झकास कॉमेडी केली होती, तेव्हा त्यालाही अगदीच बुद्धिबळाच्या पटावर बसवून ठेवू नका.

मूडीसॉनचा जन्म १९६९चा, दक्षिण स्वीडनमधल्या स्कोने प्रांतातला. तो आधी कवी होता. पहिला संग्रह आला तेव्हा वय होतं सतरा. पुढे स्टॉकहोमच्या ड्रामाटिस्का इन्स्टिट्यूटमध्ये शिकला आणि १९९८मध्ये पहिला मोठा चित्रपट आला, ‘फकिंग ओमोल’. लांबी ८९ मिनिटं. तो आधी पाहा. ओमोल हे व्हेनर्न सरोवराकाठचं खरंखुरं छोटं गाव आहे. चित्रीकरण मात्र बहुतेक सगळं ट्रॉलहेट्टानमध्ये झालं. नावावर ओमोलच्या मंडळींनी हरकत घेतली, ते साहजिकच होतं. इंग्रजी मुलुखांत तो ‘शो मी लव्ह’ म्हणून लागला. हे शेवटी वाजणाऱ्या, स्वीडिश गायिका रॉबिनच्या गाण्याचं नाव.

त्यानंतर २०००चा ‘तिलसामान्स’, म्हणजे ‘एकत्र’ (१०६ मिनिटं). मग २०१३चा ‘वी एर बेस्ट’. ही १९८२च्या स्टॉकहोममध्ये पंक बँड काढणाऱ्या तीन पोरींची गोष्ट, त्याची पत्नी कोको मूडीसॉन हिच्या चित्रकादंबरीवरून घेतलेली. मधला २००२चा ‘लिल्या फॉरएव्हर’ मोठा चित्रपट आहे, पण तो देहविक्रीच्या जाळ्यात सापडलेल्या मुलीचा आहे. विनोदाच्या अपेक्षेने लावू नका.

नावांचे उच्चार विचारलेत. स्वीडिशमध्ये ‘ग’च्या पुढे ‘ö’, म्हणजे ओठ गोल करून म्हणायचा ‘ए’, आला की ‘ग’चा ‘य’ होतो. म्हणून गोरान नाही, योरान. गोस्टा नाही, योस्ता.

‘फकिंग ओमोल’ची गोष्ट कागदावर वाचली तर दुःखीच आहे. सोळा वर्षांची एकटी मुलगी, शाळेत टिंगल, आणि तिचं प्रेम दुसऱ्या मुलीवर. मग हशा येतो कुठून? लेखकाने नेमकं काय केलं आहे? तेंडुलकरांच्या ‘मित्राची गोष्ट’शी ताडून पाहिलं, तरी उलगडत नाही. (नाट्यलेखनाची विद्यार्थिनी, नाशिक)

पहिलं म्हणजे त्याने गुपित पहिल्या काही मिनिटांतच फोडून टाकलं आहे. आंग्नेस संगणकावर आपली गुप्त यादी लिहिते आणि तिचं एलिनवर प्रेम आहे, हे आपल्याला तिथेच कळतं. नवखा लेखक हेच शेवटच्या प्रवेशासाठी राखून ठेवतो आणि तिथेच फसतो. गौप्यस्फोटापर्यंत पात्राला सतत काहीतरी लपवत राहावं लागतं, त्यामुळे ते मोकळं बोलत नाही, आणि जे मोकळं बोलत नाही त्याच्याशी प्रेक्षकाचं जमत नाही. शिवाय तिचं ‘तसं’ असणं ही लेखकाच्या पोतडीतली एक युक्ती होऊन बसते. मूडीसॉनच्या पटकथेत आंग्नेस कोण आहे हा प्रश्नच नाही. प्रश्न एलिनचा आहे. गावातली सगळ्यांत देखणी, बडबडी, कंटाळलेली चौदा वर्षांची मुलगी. तिला स्वतःबद्दल काहीच ठाऊक नाही आणि आपल्याला ते तिच्याआधी कळू लागतं. पात्राच्या एक पाऊल पुढे असलेला प्रेक्षक हसतो. पात्राच्या दहा पावलं पुढे असलेला जांभया देतो.

दुसरं म्हणजे हशाचं लक्ष्य. आंग्नेसच्या प्रेमावर एकही विनोद नाही. विनोद आहेत ते तिला मदत करायला निघालेल्यांवर. तिचा वाढदिवस घ्या. तिला पार्टी नको आहे, पण आईवडील हौसेने करतात. मुलगी शाकाहारी, आई मात्र पाहुण्यांसाठी मांस भाजते. टेबल मांडलेलं, पाहुण्यांचा पत्ता नाही. शेवटी येते ती चाकाच्या खुर्चीतली विक्तोरिया, एकटीच. इथवर आपण हसत असतो. आणि मग आंग्नेस त्या विक्तोरियालाच असं काही बोलते की हसू घशात अडकतं.

हा प्रसंग लिहिण्याचं धाडस बहुतेकांना होत नाही. सोसणाऱ्या मुलीकडून एक उघड दुष्टपणा करवायचा आणि त्याची सारवासारवही करायची नाही. पण तो नसता तर आंग्नेस ‘बिचारी’ झाली असती, आणि बिचारीबरोबर कोणी हसत नाही. तुमच्या संहितेत ज्याच्याबद्दल सहानुभूती हवी आहे, त्याने केलेली एक वाईट गोष्ट सुरुवातीच्या एक-तृतीयांश भागात आहे का, ते तपासा.

तिसरं, किरकोळ रक्कम. एलिन आंग्नेसचं पहिलं चुंबन घेते ते थोरल्या बहिणीशी, जेसिकाशी, लावलेल्या पैजेपायी. पैज वीस क्रोनरची. रक्कम मोठी असती तर एलिनने पैशासाठी केलं असं झालं असतं. वीस क्रोनरसाठी कोणी काही करत नाही, म्हणजे पैसा निमित्त आहे, हे प्रेक्षकाला न सांगता कळतं. प्रेमाच्या गोष्टीत निमित्त जितकं फालतू तितकं बरं.

चौथं, सांत्वनाची भाषा. वडील भला माणूस. ते मुलीला समजावतात की शाळेतले दिवस जातात, पुढे चित्र पालटतं, आणि पंचवीस वर्षांनंतरचा हवाला देतात. ती म्हणते की मला पंचवीस वर्षांनी नाही, आत्ता आनंदी व्हायचंय. दोघांचंही बरोबर आहे, म्हणून हसू येतं. एकाचं चूक असतं तर नुसता टोमणा झाला असता.

आणि शेवटी ते दार. एलिन आंग्नेसला शाळेच्या संडासात ओढून आतून कडी लावते. बाहेर पोरांची गर्दी जमते. आत एलिनबरोबर कोणीतरी मुलगा आहे, अशी सगळ्यांची खात्री. दाराआड कोण, यावर हशा घेणं आपल्याला नवं नाही. बबन प्रभूंच्या फार्सवर वाढलेल्या प्रेक्षकाला तर ते पाठच आहे. फार्समध्ये दार लपवण्यासाठी असतं आणि ते उघडलं की फजिती. इथे दार उघडतं ते सांगण्यासाठी. दोघी हातात हात घालून बाहेर येतात, एलिन जे सांगायचं ते खणखणीत आवाजात सांगते आणि फजिती होते ती बाहेरच्यांची. यंत्र तेच, फक्त उलटं फिरवलंय. विजय तेंडुलकरांच्या ‘मित्राची गोष्ट’शी तुम्ही तुलना केली आहे. ती शोकांतिका आहे आणि तिच्यात जग मित्रा या नायिकेला घेरत जातं. इथे घेरा पडतो तो एका कडीकोयंड्याबाहेर, आणि कडी आतल्यांच्या हातात आहे.

पुण्यात एका फ्लॅटमध्ये राहणाऱ्या सात मुलामुलींवर एकांकिका लिहितो आहे. प्रत्येकाची विचारसरणी वेगळी. वाचनात लोक हसतात, उभी केली की पडते. संहिता सोबत पाठवली आहे. ‘तिलसामान्स’मध्ये डझनभर माणसं असून गोंधळ होत नाही, तो का? (पुणे)

आधी हिशेब करू. सात पात्रं म्हणजे एकवीस जोड्या. पाच असती तर दहाच. बारा असली की सहासष्ट. चाळीस मिनिटांच्या एकांकिकेत एकवीस जोड्यांना मिनिटं वाटली तर प्रत्येकीच्या वाट्याला दोनसुद्धा येत नाहीत. मूडीसॉनकडे एकशे सहा मिनिटं आहेत आणि तरीही तो जेमतेम सहा-सात जोड्यांवर चित्रपट चालवतो. बाकीची माणसं त्या जोड्यांच्या मधे येतात, आडवी जातात, दारात उभी राहून ऐकतात. तुमच्या एकवीसपैकी चार जोड्या निवडा. उरलेल्यांचे एकमेकांशी संवाद खोडा. नाटकातली दोन माणसं शेवटपर्यंत एकमेकांशी बोललीच नाहीत तरी प्रेक्षक तक्रार करत नाही.

आता ते घर. काळ नोव्हेंबर १९७५, स्टॉकहोम. योरान नावाचा मवाळ तरुण आणि त्याचे मित्र एका घरात सामुदायिक जीवन जगताहेत. घराचं नावच ‘एकत्र’. रेडिओवर स्पेनचा हुकूमशहा फ्रँको मेल्याची बातमी येते आणि घर आनंदाने नाचतं. योरानची बहीण एलिसाबेत हिला नवऱ्याने मारलं आहे, म्हणून ती एव्हा आणि स्टेफान या मुलांना घेऊन इथे राहायला येते. संपूर्ण मांडणी या एका निर्णयावर उभी आहे. आपण त्या घरात नवख्यांबरोबर, मुलांच्या उंचीवरून शिरतो. जे प्रेक्षकाला विचारायचं असतं ते मुलं विचारतात. तुमच्या फ्लॅटमध्ये पहिल्या प्रवेशात सातही जण आधीपासून राहताहेत, म्हणून त्यांना एकमेकांना ठाऊक असलेलंच एकमेकांना सांगत बसावं लागतं. सातवा आज बॅग घेऊन येऊ दे. निम्मी माहितीची वाक्यं आपोआप गळतील.

मग एका कागदावर तीन रकाने आखा. पहिल्यात पात्र स्वतःला काय म्हणवतं, दुसऱ्यात त्याला खरोखर काय हवं आहे, तिसऱ्यात एक वस्तू किंवा एक काम, जिथे या दोहोंची टक्कर होते. ‘तिलसामान्स’ या रकान्यांत चपखल बसतो. योरान म्हणवतो की प्रेमात मालकी नसते. त्याला हवं आहे की लेनाने दुसरीकडे जाऊ नये. लेना एरिककडे जाते, येऊन त्याला सविस्तर सांगते आणि तो समजूतदार चेहऱ्याने ऐकून घेतो. एरिक बँकरचा मुलगा, आता वेल्डर आणि कट्टर मार्क्सवादी. त्याला हवी आहे चर्चा, लेनाला हवा आहे एरिक. चर्चा पलंगावरच करायची वेळ येते.

पण तिसऱ्या रकान्यातलं सगळ्यांत सुंदर उदाहरण घराबाहेरचं आहे. एलिसाबेतचा नवरा रोल्फ प्लंबर. बिर्येर नावाचा एक वयस्कर माणूस त्याला नळाच्या कामासाठी बोलावतो. काम खोटं आहे. बिर्येरने ते स्वतःच्या हातांनी बिघडवलंय, कारण त्याला बोलायला कोणीतरी हवंय. पाइपचा एक सैल जोड, बस. एकटेपणावर पानभर स्वगत लिहिण्यापेक्षा हे हजारपट बरं, आणि हसूही येतं.

तुमची संहिता उभी केल्यावर पडते, याचं कारण आम्हाला दिसतं ते असं. तुमची भांडणं तत्त्वापासून सुरू होतात. कोणीतरी ‘तुझा स्त्रीवाद दिखाऊ आहे’ म्हणतं आणि मग दहा मिनिटं त्यावर. वाचताना वाक्यं चमकतात, रंगमंचावर मात्र नटांच्या हातांना काही कामच उरत नाही. मूडीसॉनकडे उलटं आहे. भांडी कोणी घासायची, इथून वाद सुरू होतो आणि बघता बघता विचारसरणीपर्यंत पोचतो. मुलांना मांस हवं असतं, तर ती मोठ्यांकडूनच शिकलेल्या पद्धतीने निदर्शनं करतात. घरात टीव्ही येतो, मांस येतं, आणि एका कडक जोडप्याला तत्त्वासाठी घर सोडावं लागतं. प्रत्येक वाद वस्तूपासून सुरू करा आणि तत्त्वाकडे न्या. उलट करू नका. तुमच्याकडे गॅस सिलिंडर आहे, वायफायचा पासवर्ड आहे, डिपॉझिट आहे, फ्रिजमधलं कोणाचं तरी दही आहे. यांतले दोन घ्या, चारही नकोत.

तालमीत एक करून पाहा. संहितेतली पात्रांची नावं हाताने झाका आणि मधूनच एक वाक्य वाचा. कोण बोलतंय हे ओळखता येत नसेल तर सातही जण तुमच्याच आवाजात बोलताहेत. आणि नटांना हशा घ्यायला सांगू नका, भांडण जिंकायला सांगा. योरान करणारा नट मनापासून समजूतदार राहायचा प्रयत्न करतो, म्हणून तो हास्यास्पद होतो. ‘बघा मी किती बावळट’ असं बेअरिंग त्याने घेतलं असतं तर दुसऱ्या प्रसंगात संपला असता.

योरान एका ठिकाणी लोकांना ओटच्या लापशीचा दाखला देतो. कोरडे दाणे सुटे असतात, शिजले की एकजीव होतात. चित्रपटाचा विषयच तो, पण लेखकाने तो घरातल्या सगळ्यांत भाबड्या माणसाच्या तोंडी ठेवला आहे. मर्म सांगायचंच असेल तर ज्याचं कोणी मनावर घेत नाही अशाला सांगू द्या.

बायकोला मारणाऱ्या नवऱ्याला कॉमेडीत जागा देणं मला खटकलं. (ठाणे)

खटकायलाच हवं. लेखकाने काय सांभाळलं आहे तेवढं बघा. मारण्यावर हशा नाही, नंतर कोणी त्यावर विनोदही करत नाही. रोल्फ हास्यास्पद होतो तो बायको गेल्यावर, घरात एकट्याने काय करायचं हे न कळल्यामुळे. एकदा तो मुलांना बाहेर जेवायला नेतो, पितो, पोलिस त्याला घेऊन जातात आणि मुलं तशीच राहतात. त्या प्रसंगातून विनोद पूर्ण काढून घेतला आहे. परत यायचं तर रोल्फला काही करून दाखवावं लागतं, आणि त्याला आरसा दाखवायला तो एकाकी बिर्येर आहे.

तरीही तुमच्याशी आम्ही अर्धे सहमत आहोत. बर्फातल्या फुटबॉलमध्ये सगळ्यांना सामावून घेणारा शेवट ऊबदार आहे, पण एलिसाबेतच्या बाजूने फार लवकर येतो. तिला आणखी एक प्रसंग हवा होता. ‘आबा’ या स्वीडिश बँडच्या ‘एसओएस’ गाण्याने तो खड्डा भरून काढला आहे. गाणं थांबवून तो भाग मुका पाहा, जोड दिसतो.

‘तिलसामान्स’मधली आना राजकीय भूमिका म्हणून स्वतःला लेस्बियन ठरवते. ही समलिंगी लोकांची थट्टा नाही का? मला असंच एक पात्र लिहायचंय, पण भीती वाटते. (कोल्हापूर)

आनाची थट्टा आहे, पण ती ठरवण्याची. समोर तिचा आधीचा नवरा लासे आहे, ज्याला हे कसं घ्यावं कळत नाही. आणि त्याच घरात क्लास आहे, ज्याने काही ठरवलेलं नाही, जो मुळातच समलिंगी आहे आणि लासेवर जीव टाकून बसला आहे. घोषणा करणारी एक, न करता जगणारा एक. हे दोघं एका छपराखाली ठेवल्यामुळे तोल राहिला. आना एकटी असती तर तुमचा आक्षेप बरोबर ठरला असता. तेव्हा भीती वाटत असेल तर विनोद सौम्य करू नका. दुसरं पात्र आणा.

संदर्भही लक्षात घ्या. १९७५मध्ये स्वीडनच्या आरोग्य खात्याच्या यादीत समलैंगिकता हा आजार होता. तो शिक्का १९७९ साली गेला. नोंदणीकृत सहजीवनाचा कायदा १९९५पासून आला, म्हणजे आंग्नेस-एलिनच्या तीन वर्षं आधी. लग्नाचा हक्क मिळाला १ मे २००९ला. क्लासची अवघडलेली विनवणी कुठल्या काळातली आहे, हे माहीत असेल तर त्या हशाची जात बदलते.

मी स्टॉकहोममध्ये राहते. इथले सहकारी ‘तिलसामान्स’मधल्या काही जागी खो-खो हसतात, मला त्या जागा कळतच नाहीत. काय निसटतंय?

बहुधा लहान मुलांच्या जागा. आना-लासेच्या मुलाचं नाव टेट, व्हिएतनाममधल्या १९६८च्या टेट चढाईवरून. कल्पना करा, आपल्याकडे कोणी मुलाचं नाव ‘सत्याग्रह’ ठेवलं आणि तो शाळेत ‘ए सत्या’ झाला. टेट आणि स्टेफान ‘पिनोशे’ नावाचा खेळ खेळतात, ज्यात एकाने दुसऱ्याचा छळ करायचा. पिनोशेच्या १९७३च्या लष्करी उठावानंतर चिलीतून बरेच निर्वासित स्वीडनला आले होते, घराघरांत त्याच गप्पा. मुलांनी ऐकलं आणि खेळात घेतलं. मुलांच्या पुस्तकांतल्या पिप्पी लाँगस्टॉकिंगसारख्या लाडक्या पोरीला भांडवलदार ठरवण्यापर्यंत मोठ्यांची मजल जाते, हे स्वीडिश माणसाला किती झोंबत असेल ते तुम्हाला सहकाऱ्यांकडूनच नीट कळेल.

शेजारचं घरही परत पाहा. नाकं मुरडणारं सभ्य कुटुंब, आणि तळघरात लाकूडकाम करायला जातो असं सांगून भलतंच करणारा बाप. घोषणा आणि हाव यांचा खेळ डाव्यांपुरता नाही, हे दाखवायला ते घर ठेवलं आहे. दोन्ही घरांमधला पूल बांधतात दोन चष्मेवाली मुलं, एव्हा आणि फ्रेड्रिक.

आमच्या फिल्म क्लबसाठी मराठी उपशीर्षकं करतो आहोत. स्वीडिशमध्ये सगळे एकमेकांना ‘दू’ म्हणतात. तू करायचं की तुम्ही? आणि शिव्यांचं काय? (सांगली)

उपशीर्षकांआधी परवानगी. क्लब असला, तिकीट नसलं तरी जाहीर प्रदर्शनाला हक्कधारकाची लेखी संमती लागते, आणि भाषांतरित उपशीर्षकांचा उल्लेख त्या पत्रात वेगळा करून घ्या. हेच नाट्यरूपांतरालाही. आपल्या १९५७च्या कॉपीराइट कायद्याखाली परदेशी कृतींनाही संरक्षण आहे. ‘एका परदेशी कथेवर आधारित’ एवढी ओळ छापून वेळ मारून नेण्याची आपली जुनी खोड आहे, ती सोडलेली बरी.

आता ‘दू’. स्वीडिशमध्ये हे कायमचं नव्हतं. पूर्वी मोठ्या माणसाला त्याच्या हुद्द्याने, तृतीय पुरुषात विचारत, आपल्याकडे ‘साहेब चहा घेणार का?’ विचारतात तसंच. १९६७मध्ये आरोग्य खात्याचे प्रमुख ब्रूर रेक्सेड यांनी आपण कर्मचाऱ्यांना ‘दू’च म्हणणार असं जाहीर केलं. बदल आधीच सुरू होता, त्यांच्या नावावर तो लागला. म्हणजे १९७५चं ते घर ‘तू’च्या ताज्या नशेत आहे. घरातल्या सगळ्यांना बिनदिक्कत ‘तू’ करा, मुलांनीही मोठ्यांना. मराठी कानाला ते किंचित उद्धट वाटेल आणि तेच हवं आहे.

अडचण रोल्फ आणि बिर्येरची. गिऱ्हाईक आणि प्लंबर मराठीत ‘तुम्ही’ने सुरुवात करतील. तसंच करा. पण पुढे मैत्री झाली म्हणून एखाद्या वाक्यावर नाट्यमयरीत्या ‘तू’वर येऊ नका. मूळात तसा क्षण नाही. भाषांतरकाराने आपल्या पदरचा भावुक क्षण घालणं ही या कामातली सगळ्यांत गोड चूक. दोघांना शेवटपर्यंत ‘तुम्ही’वर ठेवा. ‘फकिंग ओमोल’मध्ये आईवडिलांना ‘तू’ आणि ‘तुम्ही’ असं आपल्या घरांसारखं विभागू नका, दोघांनाही ‘तू’. नात्यांत मात्र योगायोगाने आपलं जुळतं. स्वीडिशमध्ये आईचा भाऊ ‘मूरब्रूर’ आणि बापाचा ‘फारब्रूर’, अगदी मामा-काका. तरीही ज्या वाक्यात नुसतं ‘योरान’ ऐकू येतं तिथे ‘योरानमामा’ लिहू नका. जिथे नात्याचा शब्द असेल तिथेच मामा.

शिव्या. स्वीडिश पोरांनी उसना घेतलेला तो इंग्रजी शब्द त्यांच्या तोंडी इंग्रजीइतका जड नाही. त्याला आईबहिणीवरची मराठी शिवी लावली तर एलिन गुंड वाटेल. ‘भिकार ओमोल’, ‘मेलं हे ओमोल’ एवढं वजन पुरे.

मापं: एका वेळी दोनच ओळी, एका ओळीत चाळीसेक चिन्हं. किमान एक सेकंद, कमाल सहा-सात सेकंद. देवनागरीत वेलांट्या, रफार वर आणि उकार खाली जातात, म्हणून दोन ओळींतलं अंतर रोमन लिपीपेक्षा जास्त ठेवा, नाहीतर वरच्या ओळीचे उकार खालच्या ओळीच्या मात्रांत घुसतात. हॉलमधल्या पडद्यावर शेवटच्या रांगेत बसून एकदा वाचून पाहा. आणि हशाच्या जागी उपशीर्षक दोन ओळींचं असेल तर विनोदाचा शब्द दुसऱ्या ओळीच्या शेवटी हवा. पहिल्या ओळीत आला तर नटाने वाक्य पुरं करायच्या आत हॉल हसून मोकळा होतो. घरातल्या एकाच वेळच्या बोलण्यात सगळ्यांचं भाषांतर करू नका. ज्याच्या वाक्यामुळे पुढची कृती घडते, तेवढंच.

भला माणूस विनोदी कसा होईल? नाटकात तो नेहमी कंटाळवाणाच होतो. (अमरावती)

यासाठी २०१९ची ‘योस्ता’ ही मूडीसॉनची मालिका पाहा, बारा भागांची. अठ्ठावीस वर्षांचा बालमानसतज्ज्ञ स्टॉकहोम सोडून स्मोलांदच्या आडगावी नोकरीला जातो आणि जगातला सगळ्यांत भला माणूस व्हायचं ठरवतो. पुन्हा तोच पहिला रकाना, स्वतःबद्दलची घोषणा. गंमत अशी की तो ढोंगी नाही, खरंच भला आहे. मग भलेपणाची किंमत दुसऱ्याला चुकवायला लावायची. एकाला ‘हो’ म्हटलं की आधी ज्याला ‘हो’ म्हटलं होतं त्याला आपोआप ‘नाही’ होतं. तुमच्या नायकाला पहिल्या पंधरा मिनिटांत तीन माणसांना एकाच रविवारचा शब्द द्यायला लावा. पुढचं तुम्हाला शोधावं लागणार नाही.

‘फकिंग ओमोल’च्या शेवटी दोघी नुसतं चॉकलेट दूध पितात. एवढ्या मोठ्या प्रसंगानंतर हा शेवट मला फुसका वाटला. (रत्नागिरी)

संडासाच्या दारात जे मोठ्याने सांगायचं ते सांगून झालंय. त्यानंतर पुन्हा प्रेमाची कबुली घातली असती तर दोन्ही बाद झाल्या असत्या. म्हणून लेखक त्यांना एलिनच्या घरी नेतो आणि पेल्यात दूध ओततो. एलिन सांगते ते एवढंच, की आपल्या हातून नेहमी पावडर जास्त पडते, मग त्यात आणखी दूध घालावं लागतं, आणि असं करता करता पेला वाढतच जातो. शाळेभर मिरवणारी ही मुलगी पहिल्यांदाच इतकी बिनमहत्त्वाची गोष्ट इतक्या तन्मयतेने सांगते आहे, आणि समोरची ऐकते आहे. मागे ओमोलच आहे, पण त्या खोलीत त्याचा विषय निघत नाही. पुन्हा पाहाल तेव्हा एलिनकडे बघू नका, चमच्याकडेही नको. आंग्नेसकडे बघा. सबंध चित्रपटात ती इतकी निवांत आणखी कुठे बसली आहे का, ते आम्हाला कळवा.